राजपुत्र विकत घेणे आहे!

एका कोट्यधीशाची मुलगी घरात आदळआपट करते आहे. कारण काय, तर बूटपॉलिशवाल्या शेठजींच्या मुलीला म्हणे सरदार घराण्यातले स्थळ मिळाले! बाप शांतपणे तिची समजूत घालतो : तुला मी राजपुत्र विकत घेऊन देतो.

अर्न्स्ट लुबिच यांच्या ‘कालवांची राजकन्या’ या जर्मन मूकपटाची ही सुरुवात. बाप म्हणजे कालवांच्या व्यापारावर गब्बर झालेला अमेरिकन. त्याच्या हातातला पेला, तोंडातली सिगार, सारे नोकरांनी सांभाळायचे! आणि विकाऊ राजपुत्र? कर्जात बुडालेला, एका उजाड खोलीत राहणारा. मुलगी पाहायला तो आपल्या मित्राला पाठवतो. त्यालाच राजपुत्र समजून ही उतावळी वधू लगेच लग्न उरकते. नवरा एक, नाव दुसऱ्याचे!

हा चित्रपट जून १९१९ मध्ये प्रदर्शित झाला. हसण्यासारखी परिस्थिती होती का? युद्ध हरलेल्या जर्मनीच्या कैसरने सात महिन्यांपूर्वीच सिंहासन सोडले होते. दोस्तांच्या नाकेबंदीने लोकांना उपाशी ठेवले होते. त्याच महिन्याच्या २८ तारखेला व्हर्सायच्या तहावर सही झाली. अशा प्रेक्षकांना लुबिच यांनी दाखवली ती वाढप्यांच्या रांगा लागलेली लग्नाची मेजवानी आणि स्वयंपाकघरापर्यंत पसरलेली नाचाची साथ.

ही उपाशी माणसांची थट्टा नव्हती. थट्टा होती ती पैशाच्या मस्तीची आणि पोकळ मानमरातबाची. लुबिच यांनी विकणाऱ्यालाही सोडले नाही आणि घेणाऱ्यालाही. गंमत अशी, की त्याच वर्षी ऑगस्टमध्ये नव्या जर्मन राज्यघटनेने सरदार घराण्यांचे विशेषाधिकार रद्द केले. पदव्या उरल्या त्या केवळ नावाचा भाग म्हणून. चित्रपटातला राजपुत्र तरी दुसरे काय विकत होता?

लुबिच हे बर्लिनमधल्या एका ज्यू शिंप्याचे चिरंजीव. १९२२ मध्ये ते हॉलिवूडला गेले. पुढे १९३५ मध्ये नाझी राजवटीने त्यांचे जर्मन नागरिकत्व काढून घेतले. आता माणसाची किंमत कुळावरून आणि वंशावरून ठरत होती, आणि या वेळी तो विनोद नव्हता. लुबिच यांनी उत्तर दिले ते आपल्याच पद्धतीने. १९४२ च्या ‘टु बी ऑर नॉट टु बी’मध्ये त्यांनी हिटलरलाच हास्यास्पद करून सोडले.