तळाबाहेरचे 64 दिवस



14 फेब्रुवारी 1989. गोव्यातल्या पर्रा गावच्या डॉमिनिक डिसोझा या तरुणाला म्हापशाच्या पोलीस ठाण्यात बोलावणे आले. तो रक्तदान करीत असे. त्या रक्ताच्या तपासणीत एचआयव्ही आढळला होता. पण ते त्याला कोणी सांगितलेच नव्हते. गुन्हा काहीच नव्हता. तरीही त्याला पोलीस पहाऱ्यात बंद पडलेल्या एका क्षयरोग रुग्णालयात एकटे ठेवण्यात आले. 64 दिवस!

गोव्याच्या सार्वजनिक आरोग्य कायद्यातच तशी सक्ती होती. खरे तर हा विषाणू स्पर्शाने, शेजारी बसल्याने किंवा एका ताटात जेवल्याने पसरत नाही, हे वैद्यकशास्त्राने तोवर सांगितले होते. माहिती होती, पण भीतीपुढे ती टिकली नाही.

टिकली ती आई. ल्युसी डिसोझा मुलासाठी मुंबई उच्च न्यायालयाच्या पणजी खंडपीठात गेल्या. अंतरिम आदेशाने डॉमिनिक घरी आला. कायद्यातली सक्ती जाऊन निर्णय सरकारच्या हाती राहिला. अंतिम निकालात मात्र न्यायालयाने वेगळे ठेवण्याचा तो अधिकार वैध ठरवला. डॉमिनिक खचला नाही. 1992 साली त्याने एचआयव्हीबाधितांसाठी ‘पॉझिटिव्ह पीपल’ ही संस्था उभी केली. त्याच वर्षीच्या मे महिन्यात तो देवाघरी गेला.

लेवीय ग्रंथाच्या तेराव्या अध्यायात कुष्ठरोग्याने तळाबाहेर एकटे राहावे असा नियम आहे. मार्ककृत शुभवर्तमानाच्या पहिल्या अध्यायात असाच एक जण प्रभू येशूपुढे गुडघे टेकतो. प्रभू त्याला आधी स्पर्श करतो, मग तो शुद्ध होतो. आणि शेवट पाहा : तो माणूस लोकांत परततो, तर प्रभूलाच गावाबाहेर निर्जन जागी राहावे लागते. प्रभूने त्याची जागा स्वतःकडे घेतली.

2017च्या केंद्रीय कायद्याने एचआयव्हीबाधितांना वेगळे पाडण्यास मनाई केली आहे. पण चर्चच्या बाकावर कोणाशेजारी बसायचे टाळायचे, कोणाच्या घरचा चहा नाकारायचा, कोणाच्या आजाराबद्दल कुजबुजायचे, हे आपणच ठरवतो. तिथे पोलीस नसतो. पहारा आपलाच असतो.

येत्या रविवारी शांतीची खूण देताना आपला हात कोणापाशी आखडतो, ते प्रत्येकाने पाहावे. आणि तिथेच तो पुढे करावा.