प्रभावळकर, दिलीप

(४ ऑगस्ट १९४४ – ). मराठी रंगभूमी, दूरचित्रवाणी आणि चित्रपट या तिन्ही माध्यमांत परस्परविरोधी प्रकृतीच्या भूमिका करणारे अभिनेते व लेखक. त्यांचा जन्म मुंबईत झाला. सत्तरच्या दशकाच्या उत्तरार्धात मुंबई दूरदर्शनवर सादर झालेल्या, चिं. वि. जोशी यांच्या विनोदी कथांवरील मालिकेतील चिमणरावाच्या भूमिकेने ते घरोघरी पोचले. मात्र याच लोकप्रियतेमुळे विनोदी नट हा शिक्का त्यांच्यावर बसला आणि तो पुसण्यात पुढची बरीच वर्षे गेली.

जयवंत दळवी यांच्या ‘नातीगोती’ या नाटकात त्यांनी मतिमंद मुलाच्या बापाची घुसमट उभी केली, तर ‘चौकट राजा’ (१९९१) या चित्रपटात लहानपणी डोक्याला इजा होऊन बौद्धिक वाढ खुंटलेला नंदू साकारला. एकच दुःख दोन्ही बाजूंनी दाखवण्याची अशी संधी क्वचितच एखाद्या नटाला मिळते. नंदूची अडखळती चाल आणि तुटक बोलणे यांत कुठेही कीव मागितलेली दिसत नाही, हे त्या भूमिकेचे खरे यश होय. त्यांनी स्वतः लिहिलेल्या ‘हसवाफसवी’त एकाच प्रयोगात सहा भूमिका करताना रंगभूषेपेक्षा आवाजाची पट्टी आणि देहबोली बदलण्यावर त्यांचा भर असे, त्यांतील कृष्णराव हेरंबकर या थकलेल्या संगीत नटाची व्यक्तिरेखा हास्याच्या पलीकडे जाते.

‘झपाटलेला’ (१९९३) मधील, मरताना बाहुल्यात शिरणारा गुंड तात्या विंचू प्रेक्षकांना आठवतो तो मुख्यतः शब्दभ्रमकार रामदास पाध्ये यांच्या बाहुल्यामुळे, पण त्या गुंडाची मूळ मानवी भूमिका प्रभावळकरांची आहे. ‘एन्काउंटर – द किलिंग’ (२००२) मध्ये ते पुनप्पा हा टोळीप्रमुख झाले, आणि अवघ्या चार वर्षांनी ‘लगे रहो मुन्नाभाई’त महात्मा गांधी. हे गांधी केवळ नायकालाच दिसतात. त्यामुळे ते उपदेशकाच्या थाटात न बोलता जवळच्या वडीलधाऱ्याप्रमाणे हळू, किंचित मिस्कील बोलतात. या चित्रपटासाठी व ‘शेवरी’साठी त्यांना सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. एवढा आवाका असूनही मराठी चित्रपटाने त्यांना मध्यवर्ती भूमिका मोजक्याच दिल्या.

लेखक म्हणून ‘बोक्या सातबंडे’ ही त्यांची बालवाङ्मयातील निर्मिती प्रसिद्ध असून ‘श्रीयुत गंगाधर टिपरे’ ही मालिका त्यांच्याच ‘अनुदिनी’ या लेखनावर बेतलेली होती. ‘दशावतार’ या सप्टेंबर २०२५ मध्ये प्रदर्शित झालेल्या चित्रपटात, देवळाच्या आवारात रात्री पौराणिक आख्याने रंगवणाऱ्या कोकणातील लोकनाट्याचा कलावंत बाबुली मेस्त्री त्यांनी वयाच्या ८१ व्या वर्षी साकारला.