पडद्यावर आलेला कुणबी

मूकपटांच्या काळात पडदा देवांचा आणि राजांचा होता. घाम गाळणाऱ्या शेतकऱ्याला तिथं जागा नव्हती.

ती कोल्हापुरानं दिली. बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीनं 1925 साली ‘सावकारी पाश’ काढला. कथा नारायण हरी आपटे यांची. कर्जापायी जमीन गमावून शहरात गिरणी कामगार होणारा तरुण शेतकरी व्ही. शांताराम यांनी रंगवला. ‘सैरंध्री’सारखे भव्य पौराणिक पट उभारणाऱ्या चित्रकार पेंटरांनी इथं कॅमेरा एका उदास झोपडीकडे वळवला, हे धाडस मोठंच. अशीच कथा सांगणारा हिंदी चित्रपट ‘दो बिघा जमीन’ येण्याच्या 28 वर्षं आधी!

1936 साली पेंटरांनी हीच कथा बोलपटात पुन्हा मांडली. सावकारी तेव्हाही गावोगाव चालूच होती.