पाहुण्याच्या हाती घराची यादी : विंडोजवरून गेम ‘पूर्णपणे’ काढण्याचा इतिहास

डिसेंबर 1998. अमेरिकेतील बंजी या कंपनीचा ‘मिथ 2 : सोलब्लायटर’ हा गेम तयार झाला होता आणि त्याच्या सीडी बाजाराच्या वाटेवर होत्या. खेळात खोट नव्हती. खोट होती ती गेम काढून टाकण्यासाठी दिलेल्या आज्ञावलीत. गेम ज्या फोल्डरमध्ये बसवला असेल, ते फोल्डर ती आतल्या सर्व गोष्टींसह पुसून टाकीत असे. नेहमीच्या जागी बसवलेल्या गेमबाबत यात काहीच बिघडत नव्हते. परंतु एखाद्याने तो थेट डिस्कच्या मुळाशी बसवला असेल, तर गेमबरोबर त्या डिस्कवरची पत्रे, हिशेब, छायाचित्रे, सारेच जाई. हे ध्यानात येताच कंपनीने माल परत बोलावला आणि सीडी नव्याने काढल्या. यातून इतरांनी धडा घेतला म्हणावे, तर 2001 मध्ये ‘पूल ऑफ रेडियन्स : रुइन्स ऑफ मिथ ड्रॅनर’ हा गेम काढताना विंडोजच्या स्वतःच्या फाइलींना धक्का लागत असल्याच्या तक्रारी आल्या.

या दोन अपघातांतून एक गोष्ट स्पष्ट होते. बसवणे आणि काढणे या एकमेकींच्या आरशातील प्रतिमा नव्हेत. बसवताना संगणकावर काय काय ठेवले, पूर्वीचे काय बदलले आणि त्यातले काय इतरांच्याही उपयोगाचे आहे, याचा जाबता कोणीतरी ठेवावा लागतो. जाबता अपुरा असेल तर अवशेष उरतात. नको तितका ढोबळ असेल तर घरच जाते. तेव्हा गेम पूर्णपणे काढण्याचा इतिहास हा मुळात तो जाबता कोणाच्या ताब्यात आहे याचा इतिहास आहे.

डॉसच्या काळात हा प्रश्न जवळजवळ नव्हताच. ‘प्रिन्स ऑफ पर्शिया’ किंवा ‘डेंजरस डेव्ह’ म्हणजे एक फोल्डर, त्यात मोजक्या फाइली. फोल्डर पुसले की गेम गेला. 1993 मध्ये एमएस-डॉसच्या सहाव्या आवृत्तीत ‘डेलट्री’ ही आज्ञा आली आणि हे काम एका ओळीवर आले. अपवाद होता तो सुरुवातीच्या दोन मांडणी-फाइलींचा. काही गेमना स्मृतीची खास व्यवस्था लागे, त्यासाठी या फाइलींत दोन-चार ओळी घातल्या जात, आणि गेम गेल्यावरही त्या तेथेच राहत.

भारतात मात्र फ्लॉपीवरून हातोहात फिरणाऱ्या गेमबरोबर आणखी एक पाहुणा येत असे. ‘मायकेलअँजेलो’सारखा विषाणू कोणत्याही फोल्डरमध्ये नसे, तो डिस्कच्या आरंभीच्या त्या भागात बसे, जो संगणक सुरू होताना सर्वांत आधी वाचला जातो. गेम पुसला तरी तो जागचा हलत नसे. पुण्यात कॅल्क्युलेटर व संगणक दुरुस्तीचा व्यवसाय करणारे कैलास काटकर आणि त्यांचे बंधू संजय यांच्यापुढे दुरुस्तीला येणाऱ्या यंत्रांतून हाच प्रश्न उभा राहिला. संजय यांनी असे विषाणू काढणारी साधने लिहिली आणि 1990 च्या दशकाच्या मध्यावर त्यांतून ‘क्विक हील’ हे उत्पादन उभे राहिले. विषाणूप्रतिबंधक आज्ञावली ही वेगळीच विद्याशाखा मानली जाते. पण तिचे मूळ काम अनइन्स्टॉलचेच आहे. फरक इतकाच की, येथे काढून टाकायच्या आज्ञावलीने कोणताही जाबता मागे ठेवलेला नसतो, तो काढणाऱ्याला शोधून तयार करावा लागतो.

1992 च्या विंडोज 3.1 पासून चित्र बदलले. आज्ञावल्या आपल्या फोल्डरबाहेर पाय पसरू लागल्या. समाईक ग्रंथालय-फाइली विंडोजच्या फोल्डरमध्ये जाऊ लागल्या, मांडणीच्या नोंदी दुसऱ्याच फाइलींत. एकच समाईक फाइल तीन आज्ञावल्या वापरीत असतील, तर त्यांतील एक काढताना ती पुसायची की ठेवायची? पुसली तर उरलेल्या दोन बंद पडतात, ठेवली तर कचरा साचतो. या कोंडीवरच ‘अनइन्स्टॉलर’ आणि ‘क्लीनस्वीप’ यांसारखी तिसऱ्याच कंपन्यांची साधने विकली जाऊ लागली.

24 ऑगस्ट 1995 रोजी आलेल्या विंडोज 95 ने या गोंधळाला शिस्त लावली, असे सर्वत्र सांगितले जाते. ते अर्धेच खरे आहे. ‘ॲड/रिमूव्ह प्रोग्रॅम्स’ ही खिडकी तेव्हा आली, आणि विंडोज 95 चे बोधचिन्ह मिरवू इच्छिणाऱ्या आज्ञावलीने स्वतःला काढण्याची सोय दिलीच पाहिजे, असा नियम झाला. परंतु त्या खिडकीत दिसणाऱ्या यादीमागे काय होते, हे पाहण्यासारखे आहे. रजिस्ट्री या मध्यवर्ती नोंदवहीत प्रत्येक आज्ञावलीने आपले नाव आणि एक आज्ञा लिहून ठेवायची. वापरणाऱ्याने ‘काढा’ म्हटले की विंडोज ती आज्ञा चालवणार. बस्स. काय काढायचे हे विंडोजला ठाऊकच नसे. ते ठाऊक असे ते गेमबरोबर आलेल्या आज्ञावलीला. घरातून जाताना पाहुण्यानेच स्वतःचे सामान मोजावे आणि यजमानाने त्याच्या शब्दावर विश्वास ठेवावा, असा हा करार होता. आजही विंडोजच्या ‘सेटिंग्ज’मधील लांबलचक यादीतील बहुतेक जुन्या धाटणीच्या आज्ञावल्यांमागे हाच करार उभा आहे.

इन्स्टॉलशील्डसारख्या साधनांनी बसवतानाच्या प्रत्येक कृतीची नोंद ठेवून ती उलट्या क्रमाने वाचण्याची पद्धत रुळवली. 1999 मध्ये ऑफिस 2000 बरोबर आलेल्या विंडोज इन्स्टॉलरने जाबता प्रथमच प्रणालीच्या हाती दिला : घटकांची यादी एका आधारसामग्रीत, आणि काम मध्येच फसले तर पूर्वस्थितीवर परत येण्याची व्यवस्था. हा खरा गुणात्मक बदल होता. गेम-कंपन्यांनी मात्र बहुतांशी स्वतःचेच मार्ग धरले, आणि नोंद असली तरी नाव व पत्ता अचूक असावा लागतो, हे 2007 च्या डिसेंबरात पुन्हा दिसले. ‘ईव्ह ऑनलाइन’ या गेमच्या ‘ट्रिनिटी’ या सुधारणेला गेमच्या फोल्डरमधील ‘बूट.आयएनआय’ नावाची जुनी फाइल काढायची होती. दुर्दैवाने त्याच नावाची एक फाइल डिस्कच्या मुळाशीही असते, आणि विंडोज एक्सपी सुरू होताना तिच्यावर अवलंबून असे. पत्त्यातील चुकीने पुसली गेली ती हीच. कित्येकांचे संगणक पुन्हा सुरूच झाले नाहीत.

येथे भौतिकीच्या विद्यार्थ्यांसाठी थोडे विषयांतर. रोल्फ लँडॉअर यांनी 1961 मध्ये दाखवले की, माहितीचा एक बिट खरोखर पुसण्यास किमान ‘के टी लॉग 2’ इतकी ऊर्जा उष्णतेच्या रूपात बाहेर टाकावी लागते. 300 केल्विनला ती सुमारे 2.9 × 10⁻²¹ ज्यूल भरते. 2012 मध्ये प्रयोगानेही ही मर्यादा गाठून दाखवण्यात आली. 100 गिगाबाइटच्या गेमचा हिशेब केला तर सुमारे 8 × 10¹¹ बिट आणि किमान 2.3 नॅनोज्यूल ऊर्जा. परंतु अनइन्स्टॉल करताना विंडोज हे काम करीतच नाही. फाइलींच्या तक्त्यातील नोंदीवर ‘जागा मोकळी’ अशी खूण होते. बिट जागच्या जागी असतात, नवे काही त्यांवर लिहिले जाईपर्यंत. घनस्थिती डिस्कवर ‘ट्रिम’ या आज्ञेने ते पुढे कधीतरी साफ होतात, केव्हा ते डिस्क ठरवते. म्हणून ‘पूर्णपणे’ या शब्दाचा काटेकोर अर्थ घेणाऱ्याने आधी ठरवावे की, त्याला जागा हवी आहे, खासगी माहिती नष्ट करायची आहे, की यंत्रावरचा ताबा परत हवा आहे. जागा सहज मिळते. तिसऱ्या गोष्टीचा इतिहास मात्र कटू आहे.

तो सुरू होतो नक्कलप्रतिबंधापासून. सीडीची नक्कल ओळखण्यासाठी ‘सेफडिस्क’सारख्या प्रणाली प्रणालीच्या गाभ्यात, म्हणजे कर्नलमध्ये, चालणारा ड्रायव्हर वापरीत. कर्नलमधील संहितेला यंत्रावर कोणतीच मनाई नसते. सेफडिस्कचा ड्रायव्हर तर पुढे विंडोज एक्सपीबरोबरच येऊ लागला. म्हणजे एकही गेम न बसवणाऱ्याच्या संगणकावरही तो होता. 2007 मध्ये त्यातील त्रुटीचा हल्लेखोर उपयोग करीत असल्याचे उघड झाले. 2015 मध्ये विंडोज 10 ने त्याला प्रवेश नाकारला आणि त्याच वर्षी जुन्या विंडोजवरही तो बंद करण्यात आला. परिणामी कायदेशीर विकत घेतलेले असंख्य जुने गेम त्या सीडींवरून चालेनासे झाले.

2005 चे सोनी बीएमजी प्रकरण गेमचे नव्हे, संगीताच्या सीडींचे. परंतु ते येथे टाळता येत नाही. मार्क रुसिनोविच यांनी 31 ऑक्टोबर 2005 रोजी जाहीर केले की, या सीडी एका विशिष्ट अक्षरमालेने सुरू होणाऱ्या सर्व फाइली वापरणाऱ्यापासून लपवणारी संहिता गुपचूप बसवतात. ‘वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट’मधील लबाड खेळाडूंनी ताबडतोब आपली साधने त्याच अक्षरमालेने नामांकित करून गेमच्या पहारेकऱ्यापासून लपवली! गंभीर भाग पुढेच आहे. कंपनीने जी काढण्याची सोय दिली, तिनेच संगणकात नवे भगदाड पडते, असे प्रिन्स्टनच्या एड फेल्टन व ॲलेक्स हॉल्डरमन यांनी दाखवून दिले.

2008 च्या ‘स्पोअर’ या गेममध्ये तर जाबता संगणकाबाहेरच गेला. तो प्रारंभी तीनच वेळा सक्रिय करता येई. गेम काढला तरी कंपनीच्या सर्व्हरवरील मोजणी कमी होत नसे, आणि ‘सेक्युरॉम’ ही संरक्षक प्रणाली मागे राहते, हा आक्षेप अमेरिकेत न्यायालयापर्यंत गेला. नंतर मर्यादा पाचवर नेण्यात आली व सक्रियता परत करण्याचे साधनही देण्यात आले.

भारतातील अनुभव याच्या नेमका उलट. 2 सप्टेंबर 2020 रोजी केंद्र सरकारने 118 ॲपवर बंदी घातली, त्यांत ‘पबजी मोबाइल’ होता. 30 ऑक्टोबरला भारतीय खेळाडूंसाठी त्याची सेवा थांबली. अनेक जण तो ‘गेमलूप’ या अनुकारकाद्वारे विंडोज संगणकावर खेळत. बंदीने दुकानातून ॲप गेले, सेवा गेली. परंतु घरोघरच्या संगणकांवरील अनुकारक, त्यातील अँड्रॉइड आणि गेमच्या फाइली कोणत्याही सरकारी आदेशाने पुसल्या गेल्या नाहीत. निर्जीव झालेला गेमही जागा अडवून बसतो.

आजचा खरा प्रश्न फसवणूक-प्रतिबंधक ड्रायव्हरांचा आहे. 2020 मध्ये आलेल्या ‘व्हॅलोरंट’चा ‘व्हॅनगार्ड’ संगणक सुरू होतानाच कर्नलमध्ये जागा होतो, आणि यादीत त्याची नोंद गेमहून वेगळी असते. त्याच वर्षीच्या ‘गेनशिन इम्पॅक्ट’चा ड्रायव्हर गेम काढल्यावरही मागे राहतो, असे खेळाडूंनी आरंभीच दाखवले होते. ऑगस्ट 2022 मध्ये ट्रेंड मायक्रोच्या संशोधकांनी याहून चिंताजनक गोष्ट मांडली : खंडणीखोर टोळीने हाच ड्रायव्हर उचलून, तो गेम कधीही न बसवलेल्या यंत्रांवर नेला आणि त्याच्या साह्याने विषाणूप्रतिबंधक आज्ञावली बंद पाडली. ड्रायव्हरवरची सही खरी होती, म्हणून विंडोजने त्याला अडवले नाही.

याचे मोल महानगरातल्या खेळाडूपेक्षा सामाईक संगणकाला अधिक आहे. जबलपूर जिल्ह्यातील पाटनसारख्या तहसिलीच्या गावी एखाद्या ऑनलाइन सेवा केंद्राचा संगणक कल्पावा. दिवसभर त्यावर आधार, समग्र आयडी, खसरा-खतौनीच्या प्रती, परीक्षांचे अर्ज. केंद्राचे दार लोटल्यावर चालकाचा मुलगा त्यावरच गेम खेळणार. गेम मुलाचा, पण मागे राहिलेला ड्रायव्हर ज्यांच्या कागदपत्रांशेजारी राहतो, त्यांनी त्या गेमचे नावही ऐकलेले नसते.

तेव्हा काढण्याचा क्रम इतिहासानेच ठरवून दिला आहे. जतन केलेली प्रगती हवी असल्यास ती आधी दुसरीकडे ठेवावी. ती बहुधा ‘डॉक्युमेंट्स’, ‘सेव्ह्ड गेम्स’ किंवा ‘ॲपडेटा’ या फोल्डरांत असते, आणि बरेच अनइन्स्टॉलर ती मुद्दामच मागे ठेवतात. सक्रियतेची मर्यादा असल्यास ती परत करावी. मग फोल्डर हाताने न पुसता गेमची स्वतःची किंवा स्टीमसारख्या दुकानाची काढण्याची सोय वापरावी, कारण जाबता तिच्याकडे आहे. फोल्डर आधी पुसले तर बहुधा जाबताही जातो आणि यादीत केवळ नाव उरते. स्टीम स्वतः आणलेल्याच फाइली काढते. खेळाडूने घातलेले बदल, गेमने नंतर निर्माण केलेल्या फाइली तेथेच राहतात, त्या पाहून काढाव्या लागतात. फसवणूक-प्रतिबंधक आज्ञावली यादीत स्वतंत्रपणे शोधून काढावी. संगणक पुन्हा सुरू करून ‘सर्व्हिसेस’ आणि ‘टास्क शेड्यूलर’ या दोन खिडक्यांत त्या कंपनीचे नाव उरले आहे का ते तपासावे. रजिस्ट्री ‘स्वच्छ’ करून देण्याची जाहिरात करणाऱ्या साधनांपासून दूर राहिलेले बरे. मायक्रोसॉफ्ट त्यांच्या वापराला पाठिंबा देत नाही, आणि रजिस्ट्रीत उरलेल्या दोन-चार अनाथ नोंदींनी संगणक मंदावत नाही. उरलेला ड्रायव्हर मात्र सोडू नये. विंडोज 11 च्या 2022 मधील सुधारणेपासून सदोष ड्रायव्हरांची प्रतिबंधित यादी मुळातच सुरू असते. यजमानाने स्वतः ठेवलेला हा जाबता ‘विंडोज सिक्युरिटी’मध्ये ‘कोअर आयसोलेशन’ या सदराखाली पाहता येतो.