गरिबाघरची साडी आणि मोमिनाचा माग

महाराष्ट्राच्या वस्त्रपरंपरेचा विषय निघाला की पैठणीचे नाव पहिल्यांदा येते. मागोमाग शालू, इरकल, नारायणपेठ ही नावे येतात. पैठणीवर पुस्तके निघाली, प्रदर्शने भरली, तिच्या विणकरांचे सत्कार झाले. ते योग्यच झाले. परंतु पैठणी नेसणाऱ्या स्त्रिया अशा किती होत्या? शेतात निंदणीला जाणारी, विडी वळणारी, डोक्यावर भाजीची पाटी घेऊन बाजाराला जाणारी बाई काय नेसत होती? तिच्या घरी सणाला कोणते लुगडे येत होते? ते कोणी विणले होते आणि तिने ते काय पाहून निवडले होते? या प्रश्नांकडे आपले लक्ष क्वचितच जाते. आपण मराठी मुसलमानांनी तरी त्याकडे लक्ष दिले पाहिजे, कारण त्या लुगड्यांपैकी कितीतरी लुगडी आपल्याच मोहल्ल्यांतल्या मागांवरून उतरली होती.

उत्तरेकडचा विणकर, दख्खनचे लुगडे

मोसम आणि गिरणा या नद्यांच्या संगमावर वसलेले आमचे मालेगाव मुंबई-आग्रा रस्त्यावर आहे. नारोशंकर राजेबहाद्दरांनी अठराव्या शतकात येथे किल्ला बांधला, तेव्हापासून गावाला महत्त्व आले. एकोणिसाव्या शतकात उत्तर हिंदुस्थानातून मोमीन अन्सारी विणकरांची कुटुंबे याच रस्त्याने दक्षिणेकडे उतरली. आझमगड, मऊ, मुबारकपूर, बनारस हा त्यांचा मुलूख. विलायती कापडाने त्यांचा धंदा बसला होता. त्यातच १८५७ च्या उठावानंतरची धरपकड आणि १८६० च्या दशकातील दुष्काळ यांची भर पडली. काही कुटुंबे बुऱ्हाणपूरला थांबली, काही मालेगावला, काही पुढे भिवंडीपर्यंत गेली.

या विणकरांच्या मुलखात नऊवारी लुगडे कोणी नेसत नव्हते. काठापदराचे, रंगीत सुताचे, आठ-नऊ वार लांबीचे हे वस्त्र त्यांना नवे होते. दख्खनमध्ये कोष्टी, साळी, पद्मशाली हे विणकर ते पूर्वीपासून विणत होते. मोमिनांनी ते येथे येऊन आत्मसात केले. घरात बोली पूरबी-उर्दू, मशिदीत नमाज, आणि मागावर मराठी शेतकरणीचे लुगडे, असे त्यांचे जगणे झाले. त्यांनी मराठी भाषा शिकण्याआधी मराठी स्त्रीची आवड शिकून घेतली, असे म्हटले तर चूक होणार नाही. पोटासाठी ते शिकणे भागच होते.

मुंबईत १८५० च्या दशकात कापड गिरण्या सुरू झाल्या. गिरण्या आल्या म्हणजे हातमाग संपला असे आपण समजतो. प्रत्यक्षात गिरणीने हातमागाला स्वस्त सूत पुरवले. लुगड्याच्या बाबतीत गिरणीला हातमागाची जागा लवकर घेता आली नाही, याचे कारण ग्राहक स्त्रीच्या आवडीत होते. गिरणीला एकाच नमुन्याचे हजारो वार कापड काढणे परवडते. इथे मात्र एका तालुक्याला रुंद काठ हवा, दुसऱ्याला बारीक. एका बाजारात गडद जांभळा रंग खपतो, तर पुढच्या बाजारात तो कोणी हातात धरत नाही. एकेका नमुन्याची थोडीथोडी लुगडी विणणे हातमागवाल्यालाच शक्य होते. गरीब बाईच्या आवडीनिवडीने हजारो माग जिवंत ठेवले. आर्थिक इतिहासातील ही लहान गोष्ट नव्हे.

रोजचे आणि सणाचे

बाईच्या पेटीत दोन प्रकारची लुगडी असत. रोजचे लुगडे जाड सुताचे. सुताचा नंबर ठरवण्याची रीत अशी की, एक पौंड सुतात ८४० वारांच्या जितक्या लड्या बसतील तितका त्याचा नंबर. वीस नंबरच्या एका पौंडात १६,८०० वार धागा निघतो, साठ नंबरच्या पौंडात ५०,४०० वार. नंबर जितका लहान तितके सूत जाड आणि कापड दणकट. शेतात, चुलीपुढे, दगडावर आपटून धुण्यात टिकायचे तर जाड सूतच हवे. रंगही मळखाऊ हवा.

सणाच्या लुगड्याला वेगळे गणित होते. सूत थोडे बारीक, रंग उठावदार आणि काठाला चमक. खरे रेशीम आणि खरी जर परवडणारी नव्हती. तेव्हा विणकराने उपाय काढला. अंग सुती ठेवायचे आणि शोभा काठापदरात आणायची. आधी तकाकीचे मर्सराइज्ड सूत काठाला आले. १९२०-३० च्या सुमारास परदेशातून नकली रेशीम येऊ लागले, तेही काठात गेले. पुढे नकली जर आली आणि त्यानंतर प्लास्टिकची जर. रंगांचेही असेच झाले. नीळ, आल, करडईचे फूल यांपासून काढलेले रंग मागे पडले आणि एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस जर्मनीचे रासायनिक रंग आले. पहिल्या महायुद्धात तो माल बंद झाला तेव्हा रंगांचे भाव कडाडले.

घेणारी बाई अडाणी असेल, पण कापडाच्या बाबतीत ती भोळी नव्हती. आठवडे बाजारात ती लुगडे उजेडाकडे धरून विणीतून किती आरपार दिसते ते पाहत असे. कापड बोटांत चोळून खळ किती झडते ते बघत असे, कारण खळीने भरलेले कापड पहिल्या धुण्यात विरविरीत होते. पदराचा कोपरा ओला करून पांढऱ्या फडक्यावर घासला की रंग पक्का की कच्चा ते कळे. काठ उलट्या बाजूने कसा दिसतो ते ती पाही. शेवटी हाताने वार मोजी, कारण लांबीत चोरी करणारेही होते. या सगळ्या परीक्षा आमच्या आजी-नानीलाही माहीत होत्या. त्यांच्यातील कितीतरी जणी लुगडे किंवा साडीच नेसत. गावच्या मुसलमान बाईची साडी आणि तिच्या शेजारणीची साडी एकाच गाठोड्यातून निघत असे.

मोमिनाच्या घरातले पंचांग

लुगड्याचा खप वर्षभर सारखा नसतो. पीक हाती आले की लग्नसराई आणि लग्नसराई आली की कापड. संक्रांतीला काळी चंद्रकळा लागते. हळदीला पिवळे, लग्नात आणि डोहाळजेवणाला हिरवे लागते. आखाजीला खानदेशात लेकी माहेरी येतात. भाऊबीजेला भाऊ ओवाळणीत साडी घालतो. हे सगळे मोमीन कारखानदाराला तोंडपाठ असावे लागे. दोन-तीन महिने आधी रंगाऱ्याकडे सूत धाडले नाही, तर हंगाम हातचा गेला.

पावसाळा हा मंदीचा काळ. शेतकऱ्याच्या हातात पैसा नाही, म्हणून बाजारात गिऱ्हाईक नाही, म्हणून मागावर काम नाही. हिजरी वर्ष सौर वर्षापेक्षा सुमारे अकरा दिवसांनी लहान, त्यामुळे ईद दरवर्षी मागे सरकते. ज्या वर्षी ईद लग्नसराईत येई त्या वर्षी विणकराच्या घरी मुलांना नवे कपडे मिळत. ज्या वर्षी ती ऐन पावसाळ्यात येई त्या वर्षी उसनवारी करावी लागे. मोमिनाची ईद शेतकऱ्याच्या दिवाळीशी आणि आखाजीशी अशी बांधलेली होती. आपण सलोख्याच्या गोष्टी करताना संतांची आणि सूफींची नावे घेतो. ती घ्यावीत. पण हा रोजच्या भाकरीचा संबंधही त्यांच्या जोडीने सांगितला पाहिजे.

या कामात विणकराच्या घरातील स्त्रीचा वाटा मोठा होता. चरख्यावर कांड्या भरणे, लड्या उलगडणे, तुटलेला धागा जोडणे ही कामे तिचीच. परदा सांभाळून घरात बसून होणारे काम म्हणून त्याची मजुरी फार कमी, कुटुंबाच्याच धंद्यात तर ती मोजलीही जात नसे. लुगडे स्वस्त राहिले त्याला तिचे हे कष्टही कारण होते.

सरकारने दिलेली साडी

१९३० च्या दशकात मालेगावात यंत्रमाग आले. मुंबईच्या गिरण्यांनी टाकून दिलेले जुने मागही येथे येऊन चालू लागले. जुम्म्याची सुट्टी तीच राहिली, मात्र घराघरांतून खटखट सुरू झाली. दुसऱ्या महायुद्धात कापडाची टंचाई पडली आणि १९४३ साली सरकारने सूत व कापड यांवर नियंत्रण आणले. ‘कंट्रोलचे कापड’ हा शब्द तेव्हा घरोघर पोचला. रेशनवर जे मिळेल ते घ्यायचे. बाईची निवड तिथे संपली.

स्वातंत्र्यानंतर हातमाग वाचावा म्हणून १९५० साली काही प्रकारच्या साड्या हातमागासाठी राखून ठेवल्या गेल्या. १९७६ साली ‘जनता’ कापडाची योजना आली. हातमागावर विणलेली जाडीभरडी साडी-धोतरे सरकारी अनुदानाने स्वस्तात मिळू लागली. १९८५ च्या कायद्याने हातमागासाठी राखीव वस्तूंची नवी यादी केली. त्यात बावीस प्रकार होते आणि साडीही होती. यंत्रमागवाले न्यायालयात गेले. १९९३ साली सर्वोच्च न्यायालयाने कायदा वैध ठरवला. १९९६ साली यादी अकरा प्रकारांवर आली. हातमाग विणकराला संरक्षण हवे होते, हे नाकारता येत नाही. त्या विणकरांतही आपले मोमीन बांधव होते. मात्र ज्या मालेगावने पिढ्यान्‌पिढ्या रंगीत साडी विणली, त्याच्या यंत्रमागावर तीच साडी बेकायदा ठरू लागली. एका कष्टकऱ्याचे संरक्षण दुसऱ्या कष्टकऱ्याच्या पोटावर आले.

याच काळात सुरतेची पॉलिएस्टर साडी बाजारात पसरली. ती का खपली हे प्रामाणिकपणे समजून घ्यावे. ती लवकर वाळते, इस्त्री मागत नाही, तिचा रंग जात नाही आणि तिच्यावर हवी ती फुले छापता येतात. दिवसभर मजुरी करून रात्री साडी धुऊन सकाळी तीच नेसणाऱ्या बाईला हे सगळे मोलाचे होते. उन्हाळ्यात ती अंगाला चिकटते आणि चुलीपुढे धोक्याची ठरते, हे तिलाही ठाऊक होते. तिने नफातोटा तोलूनच निवड केली.

मालेगावने मग बहुतांशी ग्रे कापड काढायला सुरुवात केली. हे कोरे कापड पाली, बालोतरासारख्या गावी जाते, तेथे रंगते, छापले जाते आणि दुसऱ्याच शिक्क्याने विकले जाते. जो विणकर पूर्वी कोणत्या तालुक्यात कोणता काठ चालतो हे सांगू शके, त्याला आज आपले कापड कोण नेसणार हेच माहीत नसते. माझ्या वर्गातील कितीतरी मुलांचे वडील मागावर बारा-बारा तास उभे राहतात. “अब्बा काय विणतात?” असे विचारले की मुले म्हणतात, “कपडा.” त्यांचे पणजोबा काय विणत हे विचारले तर त्यांना सांगता येत नाही.

२०२३ साली महाराष्ट्र शासनाने अंत्योदय शिधापत्रिका असलेल्या कुटुंबाला वर्षाला एक साडी मोफत देण्याचे ठरवले. साड्या यंत्रमागावर विणलेल्या असाव्यात, म्हणजे त्या मागांनाही काम मिळेल, असा हेतू आहे. हेतू चांगलाच आहे. परंतु १९४३ चे कंट्रोलचे कापड, १९७६ ची जनता साडी आणि ही साडी यांत एक साम्य आहे. तिन्ही वेळा गरीब बाईला स्वस्त कापड दिले गेले, पण “तुला कोणता काठ आवडतो?” हे कोणी विचारले नाही. आठवडे बाजारातला गाठोडेवाला ते विचारत होता. त्याच प्रश्नाच्या उत्तरावर आमच्या गावाचे पोट चालले.

हा इतिहास कागदावर फार थोडा आहे. तो अजून काही वृद्ध माणसांच्या आठवणीत आहे. हातमागावर लुगडे विणलेले बुजुर्ग आता मोजकेच उरले आहेत. काठांची नावे, रंगांची नावे, कोणत्या बाजारला काय जात असे, मजुरी किती मिळे, हे त्यांच्याकडून लिहून घेतले पाहिजे. कांड्या भरणाऱ्या आज्यांनाही विचारले पाहिजे. उर्दू शाळांतील आम्ही शिक्षक हे काम मुलांच्या हातून करून घेऊ शकतो. लिहून मात्र मराठीत घ्यावे. ज्यांच्यासाठी ती लुगडी विणली गेली, त्यांच्या लेकीसुनांनाही ते वाचता आले पाहिजे.