12 वर्षांची नवरी आणि लंडनची जमीन

लंडनच्या मोनॉपॉली बोर्डवर सगळ्यात महाग जागा म्हणजे मेफेअर. खऱ्या मेफेअरचा मोठा भाग आजही एकाच घराण्याच्या इस्टेटीत आहे. तो आला कुठून? तर लग्नातून.

1677 मध्ये सर थॉमस ग्रोव्हनरने मेरी डेव्हिसशी लग्न केलं. नवरी 12 वर्षांची. वडील आधीच वारलेले, आणि तिच्या वाट्याला लंडनबाहेरची साधारण 500 एकर जमीन: कुरणं आणि दलदल. पुढे शहरच वाढत तिथे पोचलं. 1720 च्या दशकात मेफेअर, 1820 च्या दशकात बेल्ग्रेव्हिया उभं राहायला लागलं.

यातली खरी मेख म्हणजे लीज. जमीन विकायची नाही, मुदतीवर द्यायची. बांधकामाचा खर्च दुसऱ्याचा. मुदत संपली की घरासकट सगळं परत मालकाकडे. 1967 च्या कायद्याने अनेक लीजधारकांना घराखालची जमीन विकत घ्यायचा हक्क दिला. इस्टेटीचे विश्वस्त थेट युरोपियन मानवी हक्क न्यायालयात गेले, आणि 1986 मध्ये हरले.

2016 मध्ये ह्यू ग्रोव्हनर 25 व्या वर्षी सातवा ड्यूक झाला. त्याला दोन मोठ्या बहिणी आहेत, पण किताब मुलालाच मिळतो. आणि ही इस्टेट सुरू झाली ती एका मुलीच्या वारशातून! बघा विचार करून. भेटू पुढच्या भागात.