कानांनी पाहिलेला खेळ : मराठी क्रिकेट-समालोचनाची वाटचाल



ज्या गुरुजींच्या स्मरणार्थ ही व्याख्यानमाला चालते, त्यांनी आम्हाला याच शाळेत मराठी शिकवले. निबंधलेखनाची त्यांची रीत जगावेगळी होती. शनिवारची सकाळची शाळा सुटली की ते मैदानावर मुलांचा क्रिकेटचा सामना लावीत, एका विद्यार्थ्याला उभा करीत आणि उरलेल्या वर्गाला मैदानाकडे पाठ करून बसवीत. उभ्याने खेळ पाहून सांगायचा, बसलेल्यांनी तो नुसता ऐकायचा. षटक संपले की चेंडू कोठे गेला, कोणी अडवला, धावा किती झाल्या, हे बसलेल्यांना विचारले जाई. उत्तर चुकले तर छडी सांगणाऱ्याला! पुढे आयुष्यभर मी साहित्य शिकवले, परंतु वर्णन म्हणजे काय याचा पहिला धडा मला त्या धुळीच्या मैदानावर मिळाला. म्हणून आज संतकाव्य वा नाट्यवाङ्मय बाजूस ठेवून धावत्या समालोचनाविषयी बोलण्याचे मी योजले आहे.

न पाहणाऱ्याला खेळ दाखविण्याची ही कला फार जुनी नाही. अमेरिकेतील पिट्सबर्ग येथे 5 ऑगस्ट 1921 रोजी हॅरल्ड आर्लिन नावाचा तरुण टेलिफोनच्या यंत्रालाच ध्वनिक्षेपक करून मैदानात बसला आणि त्याने बेसबॉलचा सामना केडीकेए या केंद्रावरून सांगितला. तो पेशाने समालोचक नव्हता. तसा पेशाच तोवर जन्मला नव्हता. पुढे तेथे एक चमत्कारिक प्रथा पडली. दूरगावच्या सामन्याचा तपशील तारेने यायचा आणि निवेदक केंद्रात बसून, जणू डोळ्यांसमोर घडत आहे अशा थाटात, तो रंगवून सांगायचा. पुढे राष्ट्राध्यक्ष झालेले रोनाल्ड रेगन तरुणपणी हेच काम करीत. क्रिकेटमध्येही 1938 साली इंग्लंडमधील कसोटी सामने ऑस्ट्रेलियातील श्रोत्यांनी असेच ऐकले. तारेवरचा मजकूर हाती आला की निवेदक लाकडावर पेन्सिल आपटून फटक्याचा आवाज काढीत. याला कोणी फसवणूक म्हणेल. मी म्हणणार नाही. आमचे कीर्तनकार कुरुक्षेत्रावर कधी गेले होते?

इंग्लंडात बीबीसीने 1927 च्या मे महिन्यात लेटन येथील सामन्यातून क्रिकेटचे वर्णन ऐकवले. त्याच वर्षी, 23 जुलै रोजी, मुंबईत इंडियन ब्रॉडकास्टिंग कंपनीचे केंद्र सुरू झाले. मात्र आपल्याकडे मैदानावरून बोलणारा माणूस मिळायला 1934 साल उजाडले. मुंबईच्या एस्प्लनेड मैदानावर चौरंगी स्पर्धेतील पारशी आणि मुस्लिम संघांचा सामना ए. एफ. एस. तल्यारखान यांनी सांगितला. 'बॉबी' या नावाने ओळखले जाणारे हे गृहस्थ दिवसभर एकटेच बोलत. दुसऱ्याबरोबर ध्वनिक्षेपक वाटून घेणे त्यांना मान्य नव्हते, आणि आकाशवाणीने जोडीला इतर समालोचक आणण्याचे ठरवले तेव्हा त्यांनी बाजूला होणे पत्करले. पुढे विजयानगरमचे महाराजकुमार, बेरी सर्वाधिकारी, विजय मर्चंट अशी मंडळी आली. हे सारे इंग्रजीत चाले. मागाहून हिंदी आली. कोलकात्यात अजय बसूंसारख्यांनी बंगालीत समालोचन लोकप्रिय केले.

आता सुरतेकडे येतो. 1964 सालचा दसरा, 15 ऑक्टोबर. मुंबईच्या ब्रेबॉर्न स्टेडियमवर ऑस्ट्रेलियाविरुद्धच्या कसोटीचा शेवटचा दिवस होता आणि भारताला जिंकण्यासाठी एकंदर 254 धावा हव्या होत्या. त्या काळी रेडिओ बाळगायला पोस्टातून परवाना काढावा लागे. आमच्यासारख्यांच्या घरी तो कोठून असणार? भागळजवळच्या एका दुकानात रेडिओ होता. सण असल्याने दुकानाला झेंडूचे तोरण, कोणाच्या हातात फाफडा-जलेबीचा पुडा, कोणाच्या खिशात आपट्याची पाने, आणि रस्ता अडेल एवढी गर्दी. मुंबई येथून जेमतेम दोनशे साठ किलोमीटर, त्यामुळे आवाज बरा येई. अडचण होती ती भाषेची. इंग्रजी सुरू झाले की निम्मी गर्दी एकमेकांच्या तोंडाकडे पाही. तेव्हा आमचे गुरुजी दुकानाच्या पायरीवर चढले आणि ऐकलेले वाक्य संपताच ते मराठीत सांगू लागले. त्यांच्या शेजारचा एक पारशी म्हातारा त्यांच्या मराठीवरून गुजराती करी. आठवा गडी बाद झाला तेव्हा गुरुजी क्षणभर गप्प झाले. मग चंदू बोर्डे आणि इंद्रजितसिंहजी यांनी एकेक धाव जमवीत भारताला दोन गडी राखून विजयी केले. शेवटचा फटका मला गुरुजींच्या शब्दांत आठवतो, समालोचकाच्या नव्हे. शनिवारचा तो वर्ग याच प्रसंगानंतर सुरू झाला.

गुरुजींना त्या दिवशी जी उणीव जाणवली, ती महाराष्ट्रात काही मंडळी दूर करू लागली होती. पुण्याचे बाळ ज. पंडित स्वतः महाराष्ट्राकडून रणजी करंडकात खेळलेले. त्यांनी आकाशवाणीवरून मराठीत समालोचन केले आणि ते घरोघरी पोहोचवले. दुसरे नाव वि. वि. करमरकरांचे. 'महाराष्ट्र टाइम्स'मध्ये त्यांनी क्रीडापानाला प्रतिष्ठा मिळवून दिली आणि ध्वनिक्षेपकासमोरही तीच ठसठशीत मराठी वापरली. पंडित 2015 साली गेले, करमरकर 2023 साली. या दोघांचे ऋण भाषेच्या इतिहासात नोंदवायला आम्ही विद्यापीठीय लोक विसरलो, हे कबूल केले पाहिजे. कोशवाङ्मयावर मी स्वतः तासन्‌तास व्याख्याने दिली. त्यांत या शब्दांचा उल्लेख एकदाही केला नाही.

वृत्तपत्रांनी आणि समालोचकांनी मिळून रूढ केलेले ते शब्द जरा न्याहाळून पाहा. गोलंदाज म्हणजे मुळात तोफ डागणारा. पेशवाईच्या कागदपत्रांत तो पदोपदी भेटतो. त्याला मैदानावर आणले आणि त्याच धर्तीवर फलंदाज घडवला. चीत हा शब्द कुस्तीच्या आखाड्यातला. पाय आडवा आला तर पायचीत, यष्टिरक्षकाने टिपले तर यष्टिचीत. आणि त्रिफळाचीत! हिरडा, बेहडा, आवळकाठी यांचे वैद्याघरचे चूर्ण तीन यष्ट्यांच्या जागी नेऊन बसवणाऱ्याच्या विनोदबुद्धीला दाद द्यावी तेवढी थोडी. निर्धाव षटक हा शब्द तर इंग्रजीतील मूळ शब्दाहून सरस वाटतो, कारण तो काय घडले ते सांगतो. षटकाने मात्र पंचाईत केली. ऑस्ट्रेलियात 1979 पर्यंत आठ चेंडूंचे षटक असे. आठांच्या षटकाला काय म्हणावे, हा प्रश्न आम्ही गुरुजींना विचारला होता. ते म्हणाले, "बाळांनो, शेकडा पंचवीस आंबेही मोजतातच ना?" उत्तर तर्काला धरून नव्हते, पण वर्ग हसला आणि विषय संपला.

जेथे मराठी शब्द बसला नाही, तेथे या मंडळींनी हट्ट धरला नाही. स्लिप, गली, मिड-ऑन तसेच राहिले आणि ते योग्यच झाले. चेंडू हवेत असताना श्रोत्याला शब्दार्थ लावत बसायला सवड कोठे असते? खुद्द समालोचन हा शब्दही काटेकोर नाही. तो आम्हा साहित्यवाल्यांचा. ग्रंथाचे समालोचन म्हणजे त्याची साकल्याने केलेली परीक्षा. पण लोकांनी तो उचलला आणि आता तो त्यांचाच आहे.

उधना, लिंबायत, पांडेसरा या भागांत यंत्रमागांवर काम करायला खानदेशातून आलेल्या कुटुंबांच्या बाबतीत या वर्णनांचे आणखी एक मोल होते. त्यांच्या घरी अहिराणी, बाजारात गुजराती, मालकाशी हिंदी. महानगरपालिकेच्या मराठी शाळेबाहेर प्रमाण मराठी कानी पडण्याची ठिकाणे थोडी, आणि खटका दाबताच घरात येणारी रेडिओवरची मराठी त्यांपैकी एक. माझ्या वर्गातला असाच एक मुलगा शनिवारी सर्वांत चांगले वर्णन करी. लेखी परीक्षेत तो पुढे कधी नव्हता.

दूरदर्शनने चित्र पालटले. मुंबई केंद्र 2 ऑक्टोबर 1972 रोजी सुरू झाले, 1982 च्या आशियाई क्रीडास्पर्धांबरोबर रंग आले आणि 25 जून 1983 रोजी लॉर्ड्सवरील अंतिम सामना देशाने घरबसल्या पाहिला. त्याच स्पर्धेत 18 जून रोजी झिंबाब्वेविरुद्ध कपिल देव यांनी केलेल्या नाबाद 175 धावांचे मात्र चित्रीकरणच नाही. ती खेळी आजही केवळ सांगितली जाते, आणि सांगून सांगून ती वाढतच आहे. पुढे 1993 च्या हीरो चषकाच्या प्रक्षेपणावरून बंगालची क्रिकेट संघटना आणि सरकार यांच्यात वाद झाला. तो सर्वोच्च न्यायालयात गेला आणि 9 फेब्रुवारी 1995 रोजी न्यायालयाने रेडिओलहरी ही सार्वजनिक मालमत्ता असल्याचे सांगितले. त्यानंतर खाजगी वाहिन्यांचा बाजार कसा भरला, ते आपण सारे जाणता.

2023 च्या आयपीएलमध्ये जिओसिनेमावर मराठीतूनही समालोचन ऐकू आले. समालोचन करणारे केदार जाधव स्पर्धा चालू असतानाच बंगळुरूच्या संघातून खेळायला बोलावले गेले, असा मजेदार योगही त्या वर्षी आला. मराठी ऐकून मला आनंद झाला. तो मी लपवत नाही. त्याच सुमारास शनिवारी उत्तम वर्णन करणारा तो वर्गमित्र मला उधन्यात भेटला. यंत्रमागाच्या कारखान्यात त्याचा नातू कामाला आहे. मागावर उभे असताना डोळे धाग्यावर ठेवावे लागतात, म्हणून दुपारच्या पाळीत तो मोबाइल खिशात टाकून कानात तार घालतो. मी मोठ्या हौसेने विचारले, "काय रे, मराठी ऐकतोस ना आता?"

तो म्हणाला, "ऐकतो ना, आजोबा. ती माणसं छान हसतात, गप्पा मारतात. पण चेंडू कुठे गेला ते सांगतच नाहीत."